समन्स आले, तर कोर्टाची पायरी चढावी



दर अंकात या पानावर मी आपल्याशी बेणेप्रक्रिया, सरीतले अंतर, खोडव्यातले पाचट, हुमणी असल्या विषयांवर बोलतो. या वेळी विषय निराळा आहे. थकलेले बँककर्ज आणि ते कोर्टाच्या संमतीने हप्त्याहप्त्याने कसे फेडता येते, यावर चार शब्द लिहायचे आहेत. ऊस विकास अधिकाऱ्याने कोर्टकचेरीच्या गोष्टी कशाला सांगाव्यात, असे कोणी विचारील. मी वकील नाही. शेतकी पदविका घेऊन वीस वर्षे बांधावर फिरलेला माणूस आहे. पण ऊस नोंदीला गेल्यावर सभासद पिकाआधी कर्जाचेच बोलतात, आणि दाराला चिकटवलेले कोर्टाचे कागद मी या डोळ्यांनी पाहिले आहेत. दुसरे कारण घरचेच आहे. ते आधी सांगतो.

माझे मूळ गाव आपल्या कार्यक्षेत्राबाहेर आहे. तिथे माझे थोरले बंधू शेती पाहतात. २००९ साली दादांनी पाइपलाइन आणि मोटारीसाठी एका बँकेकडून दीड लाख रुपये कर्ज काढले. तारण मोटार-पाइपांचे, आणि जामीन शेजारच्या तात्यांचा. पहिले तीन हप्ते नीट गेले. मग २०१२ चा दुष्काळ आला. विहीर आटली, आणि गुडघ्याएवढा ऊस छावणीच्या गुरांना गेला. हप्ता थकला, पुढचाही थकला. बँकेची पत्रे आली, ती दादांनी देवळीत ठेवून दिली.

२०१५ साली कोर्टाचा बेलिफ समन्स घेऊन आला. दादांनी धाकट्याला पुढे केले, "सांग, आबा गावाला गेलेत." पुन्हा आला तेव्हा दादा उसात जाऊन बसले. शेवटी समन्स दाराला चिकटवले गेले. मला त्यांनी यातले अक्षरही कळवले नाही. पुढे मी विचारले तेव्हा म्हणाले, "अरे, शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. म्हटलं, आपण गेलोच नाही तर काय करतील?"

काय केले ते ऐका. २०१६ साली एकतर्फी हुकूमनामा झाला. व्याज आणि खर्च धरून रक्कम दोन लाख वीस हजारांवर गेली. २०१८ च्या सुरुवातीला बँकेने वसुलीची दरखास्त लावली, आणि जप्तीची पहिली नोटीस दादांना नव्हे, जामीनदार तात्यांना आली. कायद्याने कर्जदार आणि जामीनदार यांची जबाबदारी सारखीच असते. आधी कर्जदाराकडून वसूल करा मग माझ्याकडे या, असे जामीनदाराला म्हणता येत नाही. तात्या आमच्या बांधाला बांध लावून तीस वर्षे शेती करणारा माणूस. त्या दिवसापासून त्यांनी दादांशी बोलणे टाकले. पाण्याच्या पाळीचा निरोपसुद्धा पोराहाती येऊ लागला.

समन्स म्हणजे शिक्षा नव्हे

मंडळी, ती म्हण खोटी नाही. शहाण्याने आपण होऊन भांडण उकरून कोर्टात जाऊ नये, एवढाच तिचा अर्थ. पण दुसऱ्याने आपल्याला कोर्टात बोलावले, की ती म्हण तिथे संपते. समन्स म्हणजे "तुझे म्हणणे काय आहे ते येऊन सांग" असे बोलावणे. ते घेतले नाही, तरी नाकारलेले समन्स कायद्याने बजावलेलेच धरले जाते. फरक एवढाच पडतो, की आपले म्हणणे सांगायला तिथे कोणी नसते.

आणि नेमके तिथेच आपले नुकसान होते. दिवाणी कार्यपद्धतीच्या कायद्यात, म्हणजे १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत, विसाव्या आदेशाचा अकरावा नियम आहे. त्याचे दोन भाग प्रत्येक कर्जदार सभासदाने पाठ करावेत, असे मला वाटते.

पहिला भाग असा. पैशांचा हुकूमनामा करतानाच, पुरेसे कारण दिसले तर, कोर्ट रक्कम हप्त्याने भरण्याची किंवा मुदत देऊन भरण्याची सवलत त्याच हुकूमनाम्यात लिहू शकते. त्याआधी हजर असलेल्या पक्षकारांचे म्हणणे कोर्ट ऐकते. बँकेने हरकत घेतली, तरी निर्णय कोर्टाचा असतो.

दुसरा भाग असा. हुकूमनामा होऊन गेल्यावरही कर्जदाराला हप्त्यांसाठी अर्ज करता येतो, पण तेव्हा बँकेची संमती लागते.

म्हणजे निकालाआधी हप्ते मागायचे ते न्यायाधीशांकडे, आणि निकालानंतर मागायचे ते बँकेच्या मर्जीवर. उसात जाऊन बसल्याने दादांनी घालवले ते हेच.

पावणेदोनशे वर्षांपूर्वीचा नव्हे, दीडशे वर्षांपूर्वीचा धडा

ही गोष्ट आपल्या मुलखाला नवी नाही. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातील सुपे गावी शेतकऱ्यांनी सावकारांची घरे-दुकाने गाठली आणि कर्जरोखे, हुकूमनामे ओढून काढून जाळले. ते लोण पुणे आणि नगर जिल्ह्यांतील अनेक गावांत पसरले. सरकारने चौकशी आयोग नेमला. कुळ कोर्टात हजरच होत नाही आणि सावकाराला एकतर्फी हुकूमनामे मिळत जातात, हे त्या वेळचे मोठे दुखणे होते.

त्यातून १८७९ साली दख्खन शेतकरी कर्जनिवारण कायदा झाला. आरंभी तो पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांना लागू होता. कोर्टाने प्रतिवादी शेतकऱ्याची जबानी घ्यावी, व्यवहाराचा मुळापासून हिशेब तपासावा, फेड हप्त्याने ठरवून देता यावी आणि पैशांच्या हुकूमनाम्यापायी शेतकऱ्याला कैदेत टाकू नये, अशा तरतुदी त्यात होत्या. तो कायदा आता नाही. पण शेतकऱ्याचे कर्ज हप्त्याने फिटते, दडपणाने नाही, हे आपल्या आजे-पणजांनी सोसून मिळवलेले शहाणपण आहे.

कैदेवरून आठवले. दादांच्या मनात बेड्यांची भीती होती. पुष्कळांच्या मनात असते. १९८० साली सर्वोच्च न्यायालयाने जॉली जॉर्ज वर्गीस विरुद्ध बँक ऑफ कोचीन या खटल्यात स्पष्ट सांगितले, की केवळ गरिबीमुळे पैसे देता येत नाहीत म्हणून कर्जदाराला दिवाणी तुरुंगात घालता येत नाही. ऐपत असून जाणूनबुजून देत नाही, हे दाखवावे लागते. तसेच साध्या पैशांच्या हुकूमनाम्यात शेतकऱ्याची शेतीची अवजारे, पोटापाण्याला लागणारी जनावरे आणि बियाणे, तो राहतो ते घर, अंगावरचे कपडे आणि स्वयंपाकाची भांडी यांना जप्तीपासून संरक्षण आहे. मात्र जी वस्तू आपण स्वतः गहाण लिहून दिली, तिथे हे संरक्षण सांगता येत नाही.

आबांनी काय केले

आता दुसरी गोष्ट. ती आपल्याच एका गटातील सभासदाची. त्यांना नुसते आबा म्हणू या. दोन एकर ऊस, दोन गाई, आणि बँकेचे मध्यम मुदतीचे कर्ज थकलेले. २०१७ साली त्यांना समन्स आले. ते त्यांनी सही करून घेतले आणि दुसऱ्या दिवशी सकाळी गट ऑफिसात माझ्यापुढे आणून ठेवले. म्हणाले, "साहेब, ह्यात काय लिवलंय ते सांगा. पैसं घेतल्यात, नाही म्हणत नाही. पण एकदम कुठनं देऊ?"

त्या दिवशी मला दादा आठवले. मी त्यांना म्हटले, "आबा, हेच वाक्य कोर्टात सांगायचं. फक्त त्याला हिशेब जोडायचा."

समन्स मिळाल्यापासून तीस दिवसांत लेखी कैफियत द्यायची असते. कोर्ट मुदत वाढवून देऊ शकते, पण त्यावर विसंबू नये. आबांनी वकील दिला. (महिलांना, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना आणि ठरावीक मर्यादेखाली उत्पन्न असलेल्यांना तालुका विधी सेवा समितीमार्फत मोफत वकील मिळू शकतो, हे लक्षात ठेवावे.) बँकेकडून खातेउतारा मागवला आणि व्याजाची आकारणी ओळीओळीने तपासून घेतली. लहान आणि अत्यल्प भूधारकांच्या अल्पमुदतीच्या पीककर्जावर आकारलेले एकूण व्याज मुद्दलापेक्षा जास्त होऊ नये, असा रिझर्व्ह बँकेचा दंडक आहे. आबांचे कर्ज त्या प्रकारात बसत नव्हते, पण ज्यांचे बसते त्यांनी उतारा जरूर पाहावा.

मग आम्ही हिशेबाला बसलो. बँकेचे म्हणणे होते, महिन्याला आठ हजार भरा. नोकरदाराला ते जमेल. उसाला महिन्याचा पगार नसतो. आडसाली ऊस जुलै-ऑगस्टात लावला, तर तो तुटायला पुढच्या वर्षीचा नोव्हेंबर-डिसेंबर उजाडतो. सुरू लावला तरी वर्ष लागते. तेव्हा हप्ता मागायचा तो ऊसबिलाच्या दिवसांशी जुळवून.

हिशेब असा मांडला. दोन एकरांत सरासरी ८० टन. हातात येणारा दर टनाला २,८०० रुपये धरला, म्हणजे २,२४,००० रुपये. त्यातून सोसायटीचे पीककर्ज ९५,००० रुपये बिलातूनच कापले जाणार. वरचा शेतीखर्च २४,००० रुपये. घरखर्च काटकसरीने ५०,००० रुपये. राहिले ५५,००० रुपये. दुधाचा पैसा धरला नाही, तो आजारपणाला आणि अडीनडीला.

येणे रक्कम २,४०,००० रुपये होती. आबा म्हणाले, "पाच वर्सांत फेडू, ४८ हजाराचा हप्ता." ऐकायला बरे वाटते. पण हुकूमनाम्यानंतरचे व्याजही असते. शेतीकर्जासारख्या, व्यापारी नसलेल्या व्यवहारात ते कोर्ट मुद्दल रकमेवर दरसाल ६ टक्क्यांपर्यंत लावू शकते. हिशेबाला सोपे म्हणून सगळ्या रकमेवर ६ टक्के धरले, तर पहिल्या वर्षी १४,४०० रुपये व्याज. ४८,००० आणि १४,४०० मिळून ६२,४०० होतात. म्हणजे पहिलाच हप्ता थकला असता. म्हणून सहा हप्ते मागितले, प्रत्येकी ४०,००० रुपयांचे. व्याजासह पहिल्या वर्षी ५४,४००, दुसऱ्या वर्षी ५२,०००, आणि पुढे दर वर्षी २,४०० रुपयांनी कमी. तारीख मागितली ३१ मार्च.

या हिशेबाला गट ऑफिसने ऊस नोंदीचा दाखला जोडून दिला. क्षेत्र, लागणीची तारीख, जात को ८६०३२, अपेक्षित टनेज. मागील तीन हंगामांच्या बिलांच्या पावत्या, सात-बारा आणि सोसायटीच्या बाकीचा उतारा जोडला. आबा प्रत्येक तारखेला हजर राहिले. बँकेने हप्त्यांना हरकत घेतली, पण कोर्टाने कागद पाहिले आणि २०१८ च्या अखेरीस सहा वार्षिक हप्त्यांचा हुकूमनामा दिला. अट एकच होती. लागोपाठ दोन हप्ते चुकले, तर उरलेली सगळी रक्कम एकदम वसूल होईल.

आबांनी पहिला हप्ता मार्च २०१९ मध्ये भरला. २०२० च्या मार्चअखेर टाळेबंदी लागली, पण त्यांचा ऊस जानेवारीत तुटला होता आणि हप्ता आधीच भरून झाला होता. शेवटचा हप्ता मार्च २०२४ मध्ये गेला. गाई दावणीला होत्या त्या दावणीलाच राहिल्या.

दादांचे पुढे काय झाले

दादांच्या बाबतीत उशीर झाला होता. एकतर्फी हुकूमनामा रद्द करण्यासाठी तीस दिवसांत अर्ज करता येतो, पण तेवढ्यात गैरहजेरीचे सबळ कारण दाखवावे लागते. उसात लपून बसलो, हे कारण कोणते कोर्ट ऐकेल? शेवटी दरखास्त लोकअदालतीपुढे ठेवून घेतली. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने चालणाऱ्या लोकअदालतीत कोर्ट फी लागत नाही आणि तडजोड झाली, तर तिला हुकूमनाम्याचाच दर्जा मिळतो. पण लोकअदालत कोणावर सक्ती करत नाही. दोघांचे जमले तरच. दावा लागण्यापूर्वीही प्रकरण तिथे नेता येते, ही सोय आपण फार कमी वापरतो.

बँकेने हप्ते मान्य केले, पण आपल्या अटीवर. २,२०,००० पैकी ५५,००० रुपये लगेच, आणि बाकीचे तीन वार्षिक हप्त्यांत. ते पहिले ५५,००० उभे करायला वहिनींच्या दोन दुभत्या म्हशी विकाव्या लागल्या. म्हशी टेम्पोत चढवताना वहिनी घरातून बाहेर आल्या नाहीत. दादा मला म्हणाले, "त्या दिवशी बेलिफाला पाणी देऊन समन्स घेतलं असतं, तर ह्या म्हशी गोठ्यात असत्या रे."

हे सांभाळावे

हप्ते बांधून मिळाले म्हणजे काम संपले नाही. अनुभवाने सांगतो त्या गोष्टी ध्यानात घ्याव्यात.

हप्त्याचा पैसा कोर्टात किंवा ठरल्याप्रमाणे बँकेत भरावा आणि पावती जपावी. कोर्टाबाहेर परस्पर दिलेल्या पैशाची नोंद कोर्टात झाली नसेल, तर वसुलीच्या वेळी कोर्ट तो पैसा धरत नाही. बँकेने नोंद करून घेतली नाही, तर पैसे भरल्यापासून तीस दिवसांत आपण स्वतः अर्ज करावा. वसुली अधिकाऱ्याच्या हातात विनापावती रुपयाही देऊ नये.

ऊसबिल तोडीपासून वेळेत मिळावे, यासाठी १९६६ च्या ऊस नियंत्रण आदेशात ऊस पोचल्यापासून चौदा दिवसांची मुदत आहे. पण बिलाला उशीर झाला म्हणून कोर्टाचा हप्ता आपोआप पुढे जात नाही. हे कारखान्याच्याच अंकात लिहिताना मला संकोच वाटत नाही, कारण ते खरे आहे. म्हणून तोडीच्या अंदाजापेक्षा हप्त्याची तारीख दीड-दोन महिने पुढची मागावी. हप्ता चुकणार असे दिसले, तर चुकण्यापूर्वी वकिलाला गाठावे.

सगळा ऊस आडसाली ठेवला, तर मधले एखादे वर्ष बिनबिलाचे जाते. ज्यांना वार्षिक हप्ता आहे, त्यांनी थोडे क्षेत्र खोडव्याला किंवा सुरू लागणीला ठेवावे. याचा आराखडा आमचा शेतकी विभाग करून देईल.

गहाण जमिनीच्या विक्रीचा दावा असेल, तर तिची रीत वेगळी आहे. तिथे वर सांगितलेला हप्त्यांचा नियम जसाच्या तसा चालत नाही, तडजोडीचाच मार्ग धरावा लागतो. सोसायटीचे किंवा सहकारी बँकेचे कर्ज असेल, तर १९६० च्या सहकारी संस्था कायद्याखाली निबंधकाकडून वसुली दाखला निघतो. तिथेही दाखला निघण्यापूर्वीच्या सुनावणीला हजर राहून आपले म्हणणे लेखी द्यावे. कोणतेही प्रकरण असो, कागद आधी वकिलाला दाखवावा.

आणि माफीची वाट पाहत समन्स टाळू नये. २००८, २०१७ आणि २०१९ या तिन्ही वेळच्या कर्जमाफीला ज्या त्या अटी होत्या. आपले कर्ज त्यात बसले, तर उत्तमच. पण कोर्टाची तारीख माफीसाठी थांबत नाही.

शेवटचा हप्ता फिटला, की कोर्टात पूर्ण फेडीची नोंद करून घ्यावी, बँकेचा बेबाकी दाखला घ्यावा आणि सात-बाराच्या इतर हक्कांत बोजा असेल, तर तलाठ्याकडे अर्ज देऊन तो कमी करून घ्यावा. नवा उतारा हातात आला, म्हणजे कर्ज फिटले.

दादांचा शेवटचा हप्ता २०२१ मध्ये गेला. बेबाकी दाखल्याच्या दोन प्रती काढल्या. एक घेऊन दादा तात्यांच्या वस्तीवर गेले. तात्यांनी कागद चष्मा लावून दोनदा वाचला, घडी केली, खिशात ठेवला आणि म्हणाले, "उद्या पाण्याची पाळी तुझी हाय. सकाळी लवकर ये." तीन वर्षे थकलेली ती फेड कोणत्याच हुकूमनाम्यात नव्हती.

समन्स आले असेल, तर या आठवड्यात तो कागद घेऊन गट ऑफिसात यावे. ऊस नोंदीचा दाखला आणि हिशेब आम्ही करून देऊ. कोर्टाची पायरी मात्र आपली आपणच चढायची आहे.

आपला,
ऊस विकास अधिकारी